क्लोझे सुतार होता हे खरं, पण त्याची गोष्ट तिथे सुरू होत नाही

तुमचा प्रश्न मला समजला तो असा. भाचा एकोणीस वर्षांचा आहे. कोल्हापुरात पेठेच्या संघातून फॉरवर्ड खेळतो आणि आयटीआयमध्ये सुतारकामाचा ट्रेड करतो. अकादमीच्या ट्रायलमध्ये दोनदा नाव आलं नाही. गोल बऱ्यापैकी करतो, पण मैदानावरची मंडळी त्याला 'आयत्या गोलाचा गडी' म्हणून चिडवतात. अशात त्याने जर्मनीचा स्ट्रायकर मिरोस्लाव क्लोझे याचा व्हिडिओ पाहिला. विसाव्या वर्षापर्यंत जर्मनीतल्या सातव्या दर्जाच्या लीगमध्ये खेळणारा, सुतारकाम शिकणारा पोरगा पुढे वर्ल्ड कपमध्ये सोळा गोल करून गेला, हे ऐकल्यापासून पठ्ठ्या ट्रेड सोडून वर्षभर नुसता फुटबॉल खेळायचं म्हणतोय. त्याला अडवावं की जाऊ द्यावं, असं तुम्ही मामा या नात्याने विचारताय.

मी बरीच वर्षं याच पट्ट्यात मुलांना शिकवतो आणि त्यातही फॉरवर्ड मुलांबरोबर माझा जास्त वेळ जातो. तुमच्या प्रश्नात दोन प्रश्न एकमेकांत अडकले आहेत. एकोणिसाव्या वर्षी उशीर झालाय का, हा एक. भाचा जे गोल मारतो ते कसब आहे की नशीब, हा दुसरा. खरं तर दुसऱ्याचं उत्तर मिळाल्याशिवाय पहिल्याचं देता येत नाही. आणि त्याला न बघता मी 'हो' किंवा 'नाही' म्हटलं तर ती थाप होईल. समोरचे बचावपटू कोणत्या दर्जाचे होते, पोराच्या गुडघ्याची-घोट्याची काय अवस्था आहे, घर आणखी किती वर्षं कमाईशिवाय तग धरू शकतं, यावर बरंच अवलंबून आहे. तरीही क्लोझेचीच गोष्ट नीट उलगडली तर पुष्कळ काही हाताला लागेल.

व्हिडिओवाले गोष्ट सुताराच्या हत्यारांपासून सुरू करतात, कारण ते ऐकायला छान वाटतं. क्लोझेचा जन्म ९ जून १९७८चा, पोलंडमधल्या ओपोले शहरातला. वडील योसेफ व्यावसायिक फुटबॉलपटू. ओपोलेच्या ओड्रा क्लबकडून आणि नंतर फ्रान्समध्ये ओसेरकडून खेळलेले. आई बार्बरा पोलंडच्या राष्ट्रीय हँडबॉल संघातली. आठेक वर्षांचा असताना कुटुंब जर्मनीत कूझल या छोट्या गावी आलं, तेव्हा पोराला जर्मन भाषा येत नव्हती. मैदानावर मात्र भाषा लागत नाही, आणि मैदान त्याने घरातच पाहिलेलं होतं. ज्या घरात बापाने फुटबॉलवर पोट भरलंय आणि आईने देशाची जर्सी घातलीय, तिथल्या मुलाला उडी कधी घ्यायची, पडायचं कसं, पोटात किती ढकलायचं, झोपायचं किती, हे कुणी वेगळं शिकवावं लागत नाही. सातव्या दर्जाच्या लीगमधला हा मुलगा अडाणी नव्हता. त्याला फक्त अजून कुणी हेरलं नव्हतं. तुमच्या भाच्याशी तुलना करायची असेल तर ती इथून करायला हवी.

दुसरी गोष्ट शिडीची. क्लोझे ब्लाउबाख-डिडेलकोप्फ नावाच्या गावठी क्लबात खेळायचा आणि सुतारकामाची उमेदवारी करायचा. १९९८ मध्ये तो होम्बुर्गला गेला. पुढच्या वर्षी कायझर्सलाउटर्नच्या राखीव संघात आणि एप्रिल २०००मध्ये त्याच क्लबच्या मुख्य संघातून थेट बुंडेसलिगात, म्हणजे जर्मनीच्या सर्वोच्च लीगमध्ये. हा साधासुधा क्लब नव्हता. १९९८ मध्ये, म्हणजे वरच्या विभागात परतलेल्या पहिल्याच हंगामात, त्यांनी बुंडेसलिगा जिंकली होती. मार्च २००१ मध्ये क्लोझे जर्मनीकडून पहिला सामना खेळला, अल्बेनियाविरुद्ध, बदली खेळाडू म्हणून, आणि शेवटच्या काही मिनिटांत हेडरने विजयी गोल करून आला. गावच्या क्लबातून राष्ट्रीय संघात, तीन वर्षांत.

हा वेग पाहून डोळे दिपतात, पण नीट बघा: तो एका उडीत वर पोहोचलेला नाही. दर हंगामात तो आदल्या वर्षीपेक्षा कठीण बचावपटूंसमोर उभा राहिला, तेही घरापासून फार लांब न जाता. जर्मनीत गावच्या क्लबपासून बुंडेसलिगापर्यंत सगळे विभाग एकमेकांना जोडलेले आहेत. खालच्या विभागात कुणी चमकला की शेजारच्या गावातला वरचा क्लब त्याला उचलतो. उशिरा उमललेल्या दुसऱ्या स्ट्रायकरचं, इंग्लंडच्या जेमी वार्डीचं, हेच झालं. शेफील्ड वेन्सडेने पोरवयात सोडून दिल्यावर तो कारखान्यात काम करत खालच्या लीगमध्ये खेळला, पायरीपायरीने वर गेला, आणि २०१५-१६ मध्ये लेस्टरबरोबर प्रीमियर लीग जिंकला. खालच्या लीगमध्ये असताना या दोघांनीही काम सांभाळूनच फुटबॉल खेळला. वर चढत गेल्यावर त्यांचं काम सुटलं.

आपल्याकडे ती शिडी तुटक आहे. पेठेचा संघ शाहू स्टेडियमवर हजारो लोकांसमोर खेळतो, पण तिथे कितीही गोल केले तरी तो संघ राज्याच्या वरच्या लीगमध्ये आपोआप चढत नाही. पोरालाच उठून दुसरीकडे जावं लागतं. आणि आपल्याकडे जी वाट उघडते ती लहान वयात. आपल्याच कोल्हापूरचा अनिकेत जाधव २०१७च्या सतरा वर्षांखालील वर्ल्ड कपमध्ये भारताकडून खेळला, तो पोरवयातच पुण्याच्या क्रीडा प्रबोधिनीत गेला होता म्हणून. जर्मनीतही क्लोझेसारखं येणं आता अवघड झालंय. २०००च्या युरो स्पर्धेत जर्मनी गटातच गारद झाली, आणि त्यानंतर बुंडेसलिगाच्या क्लबांना स्वतःची युवा अकादमी चालवणं सक्तीचं झालं. आता तिथली मुलं दहाबारा वर्षांची असतानाच हेरली जातात. क्लोझे ज्या फटीतून आत शिरला, ती त्याच्या मागोमाग बुजत गेली.

म्हणून एकोणिसाव्या वर्षी राष्ट्रीय संघाचं स्वप्न बघायला उशीर झालाय का, असं विचाराल तर बहुधा हो. चांगल्या दर्जाचा फुटबॉल खेळायला, त्यावर रेल्वेत, पोलिसांत, सैन्यदलात खेळाडू कोट्यातून नोकरी मिळवायला, राज्याच्या संघासाठी धडपडायला उशीर झालाय का, तर नाही. पण त्यासाठी पोराकडे विकण्यासारखं एक तरी कसब हवं.

इथे मला तुमच्या मैदानावरच्या मंडळींशी थोडं भांडायचंय.

'आयत्या बिळावर नागोबा' ही म्हण फॉरवर्डला लावणारे लोक मी मैदानाच्या कठड्यावर बसलेले नेहमी बघतो. सहा यार्डांवरून पायाने ढकललेला गोल त्यांना गोल वाटत नाही, तीस यार्डांवरून आभाळात मारलेल्या फटक्याला टाळ्या. क्लोझेने वर्ल्ड कपमध्ये केलेले सोळाच्या सोळा गोल डीच्या, म्हणजे गोलसमोरच्या पेनल्टी एरियाच्या, आतले आहेत. एकही लांबून नाही. २००२ मध्ये पाच, सगळे डोक्याने, त्यातले तीन सौदी अरेबियाविरुद्धच्या एकाच सामन्यात. २००६ मध्ये मायदेशात पुन्हा पाच आणि स्पर्धेचा गोल्डन बूट. २०१० मध्ये चार, २०१४ मध्ये दोन. ब्राझीलचा रोनाल्डो पंधरावर थांबला होता. रोनाल्डोची चेंडूवरची हुकमत, त्याची झेप, यातलं काहीही क्लोझेकडे नव्हतं. तरी २०१४च्या वर्ल्ड कपमध्ये बेलो ओरिझोंतेला खुद्द ब्राझीलविरुद्ध त्याने रोनाल्डोला मागे टाकलं, आणि तो गोलही रिबाऊंडचा. पहिला फटका गोलरक्षक ज्युलिओ सेझारने अडवला, चेंडू पुन्हा क्लोझेच्या पायाशी आला, दुसरा फटका आत.

त्याच स्पर्धेतला घानाविरुद्धचा गोल तर भाच्याला पन्नास वेळा बघायला सांगा. जर्मनी १-२ने मागे. क्लोझे बदली खेळाडू म्हणून आत आला आणि दोन मिनिटांच्या आत कॉर्नर मिळाला. हॉवेडेसने चेंडू डोक्याने पलीकडे वळवला आणि दूरच्या पोस्टजवळ क्लोझेने घसरत पाय लावला. छत्तीस वर्षांचा माणूस. चेंडू त्याच्याकडे 'आयता' आला, असं स्कोअरशीट सांगते. चेंडू हवेत असताना घानाचे बचावपटू चेंडूकडे बघत होते आणि क्लोझे चेंडू जिथे पडणार त्या जागेकडे निघाला होता. सगळा फरक तेवढाच.

मी मुलांना हे असं शिकवतो. बचावपटूला एकाच वेळी दोन गोष्टी बघाव्या लागतात, चेंडू आणि तुम्ही. तुम्ही त्याच्या पाठीमागच्या खांद्यापाशी उभे राहिलात तर त्याला दोन्ही एकत्र दिसत नाहीत. क्रॉस, म्हणजे कडेने डीत टाकलेला चेंडू, निघेपर्यंत हलायचं नाही. कडेने खेळणाऱ्या विंगरने मान खाली घातली, पाय मागे नेला, की एक पाऊल खोटं, उलट्या दिशेला, आणि मग जोरात जवळच्या पोस्टकडे किंवा दूरच्या. लवकर पळालात तर तुम्ही चेंडूची वाट बघत उभे राहता, आणि उभा माणूस उंच उडत नाही. पळत येऊन एका पायावर घेतलेली उडी जागच्या जागी मारलेल्या उडीपेक्षा उंच जाते. क्लोझे काही ताडमाड नव्हता, सहा फुटांच्या आसपास. त्याच्याहून उंच सेंटर-बॅकच्या डोक्यावरून तो हेडर मारायचा तो उशिरा आणि धावत येण्यामुळे. २००६च्या उपांत्यपूर्व सामन्यात अर्जेंटिनाविरुद्ध ऐंशीव्या मिनिटाला बरोबरी करणारा हेडर बघा. बालाकच्या क्रॉसवर बोरोव्स्कीने चेंडू पुढे वळवला आणि क्लोझे पुढे झेपावत आला. नजर एकदाही चेंडूवरून हललेली नाही.

आणि डोकं फक्त हेडिंगला वापरायचं नसतं. २०१० मध्ये इंग्लंडविरुद्धचा पहिला गोल नॉयरच्या गोलकिकवर झाला. गोलरक्षकाने लांब मारलेला चेंडू एकदा टप्पा खाऊन पुढे आला, क्लोझे बचावपटू अपसनला खांद्याने रेटत आत घुसला आणि घसरत गोलरक्षक जेम्सच्या बाजूने चेंडू सरकवला. गोलकिक थेट तुमच्याकडे आली तर ऑफसाईड लागत नाही, हा नियम आपल्याकडच्या किती फॉरवर्डना माहीत असतो? मी दर वर्षी नव्या मुलांना विचारतो. निम्मी माना हलवतात, आणि सामन्यात गोलकिकच्या वेळी तीच मुलं हाफलाईनपाशी गप्पा मारत उभी असतात.

तर भाच्याचे गोल कसब आहेत की नशीब, हे ओळखायचं कसं? गोल मोजू नका. एक सामना मैदानाच्या बाजूला बसून फक्त त्याला बघा. आपल्या संघाचा चेंडू प्रत्येक वेळी डीच्या आसपास आला तेव्हा तो कुठे होता, हे वहीत लिहा. चेंडू त्याच्यापर्यंत आला की नाही, याच्याशी घेणं-देणं नाही. सहकाऱ्याने फटका मारला की तो गोलरक्षकावर धावून जातो की हात कमरेवर ठेवून बघत राहतो? सत्तराव्या मिनिटानंतरही जातो का? दहा वेळा चेंडू आला आणि सातआठ वेळा पोरगा योग्य जागी पोहोचलेला होता, त्यातून एक गोल झाला, तर तो गोल आयता नाही, कमावलेला आहे. दोनदाच पोहोचला आणि दोन्ही वेळा गोल झाला, तर मैदानावरची मंडळी बरोबर आहेत. निदान त्या दिवसापुरती.

हे बघताना समोर कोण होतं तेही लिहा. शाळकरी मुलांच्या स्पर्धेतला बचावपटू आणि बाहेरून आणलेला तगडा सेंटर-बॅक यांच्यात जमीन-अस्मानाचा फरक आहे. माझा अनुभव असा की डीत जागा शोधणारे फॉरवर्ड वरच्या दर्जाला गेल्यावर नुसत्या वेगावर खेळणाऱ्यांपेक्षा कमी अडखळतात. वेग असलेला मुलगा वर गेला की त्याला तितकाच वेगवान बचावपटू भेटतो. जागा ओळखणाऱ्याला उलट चांगले क्रॉस टाकणारे सहकारी भेटतात. क्लोझेच्या बाबतीत हे आकड्यांत दिसतं. २००९-१० मध्ये तेव्हाच्या त्याच्या क्लबकडून, बायर्न म्युनिककडून, लीगमध्ये त्याचे फक्त तीन गोल होते, बराच वेळ बाकावर गेला होता. जर्मनीत टीका चालू होती. प्रशिक्षक लोव्हने तरीही त्याला दक्षिण आफ्रिकेला नेलं, आणि ओझिल, थॉमस म्युलर, पोडोल्स्की आजूबाजूला असताना त्याच माणसाने चार गोल केले. स्ट्रायकर एकटा चांगला किंवा वाईट नसतो, त्याला चेंडू कोण पुरवतं यावर निम्मा खेळ ठरतो. ट्रायलमध्ये हेच तर होत नाही. वीस अनोळखी पोरं, प्रत्येकाला स्वतःला दाखवायचंय, क्रॉस कुणी टाकत नाही. तिथे भाच्यासारखा मुलगा दिसतच नाही. दोन ट्रायल हुकल्या यावरून मी तरी काही निष्कर्ष काढणार नाही.

क्लोझेचं आणखी एक वळण तुम्ही भाच्याला सांगावं असं वाटतं. कायझर्सलाउटर्नमधून तो २००४ मध्ये वेर्डर ब्रेमेनला गेला आणि २००५-०६ मध्ये पंचवीस गोलांसह बुंडेसलिगात पहिला आला. पण त्या काळात तो गोल करून देऊही लागला होता. डीतल्या जागेवर खेळणारा माणूस पाठ गोलकडे करून चेंडू धरायला, एका टचमध्ये परत द्यायला शिकला. वय वाढलं, पाय जड झाले, तेव्हा याच गोष्टीने त्याला तारलं. इटलीच्या लाझिओ क्लबकडून पस्तिशीच्या उंबरठ्यावर मे २०१३ मध्ये बोलोन्याविरुद्ध एकाच सामन्यात पाच गोल केले, आणि जर्मनीकडून १३७ सामने, ७१ गोल, असा हिशेब मांडून २०१४ मध्ये वर्ल्ड कप घेऊन थांबला. जुन्या पिढीतला जर्मन स्ट्रायकर गर्ड म्युलर याचा ६८ गोलांचा राष्ट्रीय विक्रम त्याने मोडला खरा, पण म्युलरने ते ६२ सामन्यांत केले होते, हे विसरू नये. मला विचाराल तर निव्वळ गोल करण्यात म्युलर मोठा, आणि टिकण्यात क्लोझे. त्याने गोल केलेला एकही सामना जर्मनी हरली नाही, हे मात्र म्युलरच्या चाहत्यांनाही मान्य करावं लागतं.

जाता जाता, प्रामाणिकपणाबद्दल. २०१२ मध्ये नापोलीविरुद्ध चेंडू हाताला लागून गोल झाला तेव्हा त्याने स्वतः पंचांना सांगून तो रद्द करवला. लाझिओ तो सामना ०-३ने हरली. पेठेच्या सामन्यात आपल्या फॉरवर्डने असं केलं तर संध्याकाळी तालमीत काय होईल, ते तुम्ही-मी दोघंही जाणतो. मी मुलांना त्यावर प्रवचन देत नाही. एवढंच सांगतो की पंच त्या खेळाडूला पुढे बरीच वर्षं ओळखत राहतात.

आता व्यवहाराचं. ट्रेड सोडू देऊ नका. आयटीआयचं वर्ष संपायला काही महिने उरलेत आणि सकाळ-संध्याकाळचा सराव त्यातून सहज बसतो. हातात हत्यार धरणाऱ्या मुलाचे खांदे-मनगटं तयार होतात, पण कंबर आणि मांडीचे मागचे स्नायू आखडतात. त्याला रोज ताण द्यायला लावा, नाहीतर पळताना हॅमस्ट्रिंग जाईल. सरावात त्याने तीन गोष्टी धराव्यात: एका टचमध्ये फटका, तोही दोन्ही पायांनी, धावत येऊन हेडर, आणि सहकाऱ्याच्या प्रत्येक फटक्यामागे शिट्टी वाजेपर्यंत धाव. लांबून फटके मारायचा नाद वर्षभर बाजूला ठेवावा. ट्रेड संपला की पुण्या-मुंबईच्या लीगमधल्या एखाद्या क्लबचा पूर्ण हंगाम मिळतो का बघा, एका दिवसाच्या ट्रायलपेक्षा तो मोलाचा. सुतारकाम येणाऱ्याला त्या शहरांत खोलीचं भाडं भागवण्यापुरतं काम मिळतं, आणि हंगाम चुकला तरी पोरगा रस्त्यावर येत नाही. तिथे दोन हंगामांत तो वरच्या बचावपटूंसमोर डीत पोहोचत राहिला, तर पुढचा विचार. नाही पोहोचला तर पेठेकडून खेळायला कुणी अडवलेलं नाही.

वहीचं काम जमलं नाही तर एखाद्या सामन्याचं चित्रण पाठवा. गोलांच्या कापलेल्या क्लिपा नकोत, दोन्ही हाफ सलग हवेत, आणि मोबाईल कठड्यावर जरा उंच धरा, म्हणजे चेंडू दुसऱ्या टोकाला असताना भाचा काय करत होता तेही दिसेल.